पंपाची आत्या

अणुस्कुऱ्याच्या घाटात हॉर्न दिल्याशिवाय वळण बाजूला होत नाही, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. त्यात सांगण्यासारखं काही नाही. पण त्याच घाटात एका भर दुपारी इंदुमती पांचाळ आपल्या गाडीच्या बॉनेटमध्ये कामाला बसली, हे आजवर एकाही माणसानं खरं मानलेलं नाही; आणि तूही मानणार नाहीस, असं आबा गुरवांनी समोरच्या मुलीला चहा यायच्या आधीच सांगून टाकलं.

"या घाटमाथ्यावर बसून मी आजवर पुष्कळ खोटं बोललो, बाय. नाही म्हणत नाही," आबा म्हणाले. "पण ही गोष्ट खरीच इतकी अचाट आहे, की तिच्यात खोट्याला जागाच उरत नाही."

"गेल्या खेपेला तिच्यात वाघ होता," टपरीवाला इस्माईल गाळणी झटकत म्हणाला.

"वाघ दुसऱ्या गोष्टीतला. तू चहात पाणी घालू नकोस, मी गोष्टीत वाघ घालत नाही."

मुलगी हसली. विशी ओलांडलेली, एकटीच गाडी चालवत खालून घाट चढून आली होती. तिची जुनी लाल गाडी टपरीसमोर बॉनेट उघडून निवत उभी होती. इस्माईलनं कप पुढं करताना विचारलं, "नाव काय गो तुझं, बाय?"

"सांगते," ती म्हणाली. "आधी गोष्ट होऊ दे."

मग आबांनी बशी खाली ठेवली.

विश्राम पांचाळ राजापूरचा. जळक्या मोटारी खोलायच्या, काळी तार उपसायची आणि नवी तांब्याची तार गुंडाळून द्यायची, हा त्याचा धंदा. पंचक्रोशीतल्या एकूण एक विहिरीच्या पंपाची नाडी त्यानं धरली होती. इंदू त्याची बायको. तिचं माहेर घाटावर, मलकापुरात. तिथं तिच्या धाकट्या भावाला, जयसिंगाला, मुलगी झाली. बारशाचं बोलावणं आलं. आत्या एकच, ती म्हणजे इंदू. त्यांच्या घरात रीत अशी, की नाव आत्यानं आणायचं आणि आत्यानंच मुलाच्या कानात सांगायचं. आईबापानंही आधी विचारायचं नाही.

आता नाव म्हणजे नुसता आवाज, असं लोक समजतात. नाव हा जिन्नस आहे. पिकल्या बोराएवढा असतो. इंदूनं निघताना देवापुढं साखर ठेवली, नाव तोंडात घेतलं, डाव्या गालात सारलं आणि ओठ मिटले. तोंडातलं नाव दिवेलागणीपर्यंत टिकतं. त्यानंतर विरघळून जातं, आणि मग त्या मुलाला दुसरं कुठलंही नाव लागत नाही. चिकटवलं तरी गळून पडतं. बरं, वाटेत तोंड उघडायचीही सोय नाही. उघडलं की नाव बाहेर, आणि बाहेर आलेलं नाव ज्याच्या कानात पहिलं शिरेल त्याचं. पाचलच्या एका आत्याला एसटीत शिंक आली. तेव्हापासून त्या कंडक्टरला दोन नावं आहेत.

तर राजापुरापासून इंदू गप्प. लग्न झाल्यापासून विश्रामच्या वाट्याला एवढी शांतता आली नव्हती. पाचलपर्यंत त्यानं ती चवीचवीनं खाल्ली. त्यानं गिअर चुकीचा टाकला, कुणी काही बोललं नाही. एका म्हशीच्या शेपटाला आरसा लावून गाडी काढली, कुणी काही बोललं नाही. घाट जवळ आला तसं मात्र त्याला करमेना.

"अगो, निदान गाढव तरी म्हण मला," तो म्हणाला.

इंदूनं डोळ्यांनी म्हटलं. त्याला बरं वाटलं.

घाट लागला. विश्राम हॉर्न द्यायचा, वळण अंग चोरून कडेला व्हायचं, गाडी पुढं निघायची. पुन्हा हॉर्न, पुन्हा वळण. असा निम्मा घाट मागं पडला आणि गाडीनं एक उचकी दिली. मग दुसरी दिली आणि रस्त्याच्या मधोमध बंद पडली.

विश्रामचे डोळे लकाकले! खरं सांगायचं तर त्याला आनंदच झाला. विहिरीच्या पंपांनी कंटाळा आणला होता; आणि इथं भर घाटात, बायकोसमोर, चालत्या गाडीचं दुखणं हाताशी आलेलं. त्यानं बाह्या वर सारल्या. किल्ली पूर्ण फिरवली. स्टार्टर खर्र खर्र करून दणक्यात फिरला, म्हणजे बॅटरीत दम होता. मग त्यानं किल्ली परत घेतली, अर्धीच फिरवली आणि मान वळवून मागच्या सीटकडे कान लावला. अशा इंजेक्शनच्या गाडीत किल्ली अर्धी फिरली, की मागच्या सीटखालच्या टाकीत बसलेला पेट्रोलचा पंप दोन श्वास गुणगुणतो. हूंऽ, एवढंच. ते ऐकू आलं की समजावं, पेट्रोल निघालं. आज हूं आलं नाही.

"पंप," विश्राम म्हणाला. इंदूनं मान हलवली, म्हणजे बघ की मग.

त्यानं मागची सीट उचलली, टाकीवरचं गोल झाकण काढलं आणि आत डोकावला. पंप गळ्यापर्यंत पेट्रोलमध्ये बसून स्वतःची नखं बघत होता.

"काय रे, जळलास काय?" विश्रामनं विचारलं.

"नाही."

"मग ओढत का नाहीस?"

"मला कुणी सांगितलं नाही."

"मी सांगतो. ओढ."

"तुम्ही कोण?" पंप म्हणाला. "मला आत्यानं कानात सांगावं लागतं. किल्ली फिरली की दर खेपेला."

"कुठं असते तुझी आत्या?"

"पुढं. काळ्या डब्यात."

विश्राम पुढं आला आणि त्यानं बॉनेट उघडलं. काळ्या डब्याचं झाकण काढलं. आधी फ्यूज उपसून उजेडात धरला. आतली तार शाबूत होती. राहिले रिले. बर्फीच्या वडीएवढे काळे चौकोन चाळीतल्या बिऱ्हाडांसारखे ओळीनं बसले होते. हा हेडलाइटचा, हा पंख्याचा, हा हॉर्नचा आणि कडेचा पेट्रोलच्या पंपाचा.

"रिलेचं काम सोपं असतं बघ, बाय," आबा म्हणाले. "किल्लीचा आवाज बारीक. लांबच्या धटिंगण यंत्राला तो ऐकू जात नाही. म्हणून रिले मधे बसतो. किल्लीनं ढोसलं की तोंड उघडतो आणि यंत्राच्या कानात सांगतो. तोंड उघडल्याचा आवाज येतो, टक. मग यंत्र चालतं."

"टक," मुलगी म्हणाली.

"बरोबर. फक्त टक."

विश्रामनं पंपाच्या रिलेवर बोट ठेवलं आणि इंदूला किल्ली फिरवायची खूण केली. बोटाखाली काही हललं नाही. बोट शेजारच्या हॉर्नच्या रिलेवर ठेवलं आणि हॉर्न दाबायला सांगितला. टक! नाडीसारखं बोटाला लागलं, आणि पुढचं वळण उगाचच दचकून दोन हात सरकलं. म्हणजे दुखणं सापडलं! विश्रामनं पंपाचा रिले ओढून काढला आणि कानाशी हलवला. आत कुणीतरी खोकलं.

पहिल्यांदा त्यानं इंदूच्या अंबाड्यातला आकडा मागून घेतला आणि रिलेच्या रिकाम्या जागेत तो दोन भोकांत आडवा खोचला. रस्त्यावर अडलेला कुठलाही मेकॅनिक करतो ते. मागं पंप गुणगुणायला लागला तो थांबेचना. पेट्रोल इंजिनापर्यंत आलं, कुणी बोलावलं ते त्याला कळेना, आणि आल्या वाटेनं परत गेलं. आकड्याला तोंड नसतं. विश्रामनं तो काढून पुन्हा अंबाड्यात खोचला.

मग त्यानं अस्सल डाव टाकला. हॉर्नचा रिले आणि पंपाचा रिले, दोघांचे पाय सारखे, अंगकाठी सारखी. त्यानं हॉर्नचा रिले उपटून पंपाच्या जागी बसवला. किल्ली फिरवली. हॉर्नच्या रिलेला हळू बोलायची सवय कुठली? तो पंपाच्या कानात जो काय बोंबलला, पंपानं दचकून घळघळा पेट्रोल ओढलं आणि गाडी एका दमात सुरू झाली!

विश्राम रस्त्यावर नाचला. इंदूनं ओठ गच्च मिटून टाळ्या वाजवल्या. बॉनेट आदळलं, गाडी निघाली आणि पहिल्याच वळणाशी थांबली.

तिथं पाटी होती. पुढे वळण आहे, हॉर्न वाजवा. वळण रवंथ करत रस्त्यात आडवं पसरलं होतं. विश्रामनं हॉर्न दाबला. काहीच वाजलं नाही. वाजवणारा तर मागच्या पंपाच्या कानाशी गुंतला होता.

विश्रामनं खिडकीतून डोकं बाहेर काढलं. "पों!" तो ओरडला. "पों पों!"

वळणानं एक डोळा उघडला. "माणूस आहे," ते म्हणालं आणि डोळा मिटून घेतला.

इंदूनं बांगड्या खणखणवल्या. विश्रामनं पत्रा बडवला, डिकीतला जॅक रस्त्यावर आपटला. वळणानं कूस बदलली आणि जास्तच रुंद झालं. पलीकडून एसटीच्या ड्रायव्हरचा आवाज आला, "अरे हॉर्न दे की! झोपलास काय सासरवाडीला जाताना?" त्यानंही आपला हॉर्न वाजवून बघितला, पण वळणाचं तोंड ज्याच्याकडं असतं त्याच्याच हॉर्नला ते उठतं, आणि ह्या वळणाचं तोंड विश्रामकडं होतं.

तेवढ्यात मागचं वळण, काय खोळंबा झाला म्हणून बघायला, वर सरकून आलं. त्याच्या मागून त्याच्या मागचं आलं. दोन वळणांमध्ये मघाशी फर्लांगभर रस्ता होता. तो आता एका गाडीपुरता उरला. डोंगराची कड डाव्या दाराला टेकली. दरीकडचा कठडा उजव्या आरशाला लागला. रस्ता आकसला तशी दुपारही आकसली, कारण घाटात वेळ मोजतात तो वळणांनीच. ऊन केशरी झालं. विश्रामनं आकाशाकडं बघितलं. सूर्याला हॉर्न लागत नाही. तो आपला निघाला होता.

इंदूनं गालावर हात ठेवला. नाव बोराएवढं होतं ते करवंदाएवढं झालं होतं.

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. विश्रामनं ते बघितलं आणि त्याचा नाच उतरला. बिननावाची भाची त्याच्या डोळ्यांपुढं उभी राहिली. शाळेत हजेरीला तिच्या जागी मास्तर नुसतेच थांबतील, जेवायला सगळ्यांना हाका जातील आणि ती दारात वाट बघत बसेल. त्यानं डोकं चालवलं. रिले हॉर्नला परत दिला तर वळण उठतं, पण गाडी हलत नाही. पंपाकडं ठेवला तर गाडी हलते, पण वळण उठत नाही. हेडलाइटच्या रिलेचे पाय वेगळे. पंख्याच्या रिलेला हात घातला, तर त्यानं आतून कडी लावून घेतली.

"बिघडलेलाच उघडतो," विश्राम म्हणाला.

त्यानं नखानं पंपाच्या रिलेचं टोपण सोडवलं. आत खोली होती. त्यानं डोळा लावला. नीट दिसेना म्हणून डोकं घातलं, मग खांदे घातले, मग कमरेपर्यंत आत गेला. खोली लांब होत गेली की विश्राम बारीक होत गेला, हे बघायला बाहेर फक्त इंदू होती, आणि ती बोलणार नव्हती.

खोलीच्या मधोमध तांब्याच्या तारेचा खांब होता. "झकास गुंडाळलाय," विश्राम मनात म्हणाला. त्याला धंद्यातलं कळत होतं. खांबाला दोष नव्हता. खांबाशेजारी पाटावर एक म्हातारी बसली होती. तिचे ओठ कोळशासारखे काळे होते.

"तूच का गो पंपाची आत्या?"

"मीच."

"टक का करत नाहीस?"

"तोंड बघ माझं," म्हातारी म्हणाली. "किल्ली फिरली की खांबात जीव येतो आणि मला पुढं ढकलतो. मी तोंड उघडते, पंपाच्या कानात सांगते. दर खेपेला ओठावर ठिणगी. गाडी नवी होती तेव्हा काही वाटायचं नाही."

विश्रामच्या खिशात पॉलिशपेपर कायम असायचा. त्यानं टरकन तुकडा फाडला आणि म्हातारीचे ओठ हलक्या हातानं घासले. काळं निघालं, खाली लाल तांबं दिसलं. "कर टक," तो म्हणाला. म्हातारीनं तोंड उघडलं. ओठ इतके झिजले होते, की बोलताना एकमेकांना पोचेनात.

"घासून घासून उरणार किती?" ती म्हणाली. "बदली आत्या बघ."

"मी बसतो."

म्हातारी इतकी हसली की पाट हलला. "बाप्या माणसानं कधी कुणाच्या कानात कुर्र केलंय? पंप ऐकेल का तुझं?"

विश्राम वरमला. त्यानं मान मागं वळवली. खोलीच्या दारात इंदू उभी होती. तिनं चपला काढून ठेवल्या होत्या.

"छट्!" विश्राम म्हणाला. "अगो, खुळी काय तू? इथं ठिणग्या उडतात. लोक काय म्हणतील, बायकोला बॉनेटमध्ये घालून आणलंन!"

इंदूनं पदर खोचला. बांगड्यांचा नाद झाला तर पंपाला भलताच निरोप जाईल, म्हणून तिनं हातातल्या हिरव्या बांगड्या एकेक करून उतरवल्या. विश्रामनं घाईनं तिचं मनगट धरलं. तिनं मान हलवून सांगितलं, तसं काही मनात आणू नकोस, थोडा वेळ काढून ठेवतेय. मग तिनं त्याच्या दंडाला चिमटा काढला. इतक्या वर्षांच्या संसारात त्याला तिच्या चिमट्यांची भाषा पाठ झाली होती. हा चिमटा म्हणत होता: हॉर्नचा रिले हॉर्नला दे, मला इथं बसव, किल्ली फिरव, वाटेत कुठंही थांबू नकोस, आणि दारात पोचल्या पोचल्या आधी मला बाहेर काढ.

"आणि भाजलं तर?" विश्रामनं विचारलं.

दुसरा चिमटा आला. त्याचा अर्थ आबांनाही माहीत नव्हता.

म्हातारी पाटावरून उठली, इंदू बसली. म्हातारीनं तिला मान कशी ठेवायची ते दाखवलं, खांबापासून किती अंतरावर बसायचं ते सांगितलं. मग ती बाहेर आली, बॉनेटवरून उतरली आणि कडेच्या झऱ्यावर ओठ धुवायला गेली. ती परत आली नाही. आणि तिला हाक कशी मारायची, हे कुणाला ठाऊक नव्हतं.

विश्रामनं टोपण बसवलं. हॉर्नचा रिले हॉर्नच्या जागी. इंदूचा रिले पंपाच्या जागी, चारी पाय नीट बघून, जोर न लावता. बांगड्या त्यानं गिअरच्या दांड्यात अडकवल्या. ऊन आता तांबडं झालं होतं आणि डोंगराची कड दाराच्या पत्र्यात शिरायला बघत होती. त्यानं देवाचं नाव घेतलं आणि किल्ली अर्धी फिरवली.

टक!

काय तो टक, बाय! बंदा रुपया दगडावर पडावा तसा खणखणीत. आत इंदूनं तोंड उघडलं आणि पंपाच्या कानात सांगितलं. आणि पंप? आजवर तो नुसता गुणगुणायचा. आज तो असा खुलला, असा गोड बोलला, की जन्मात पहिल्यांदा त्याला कुणी नावानं हाक मारली असावी!

मुलीच्या हातातला कप ओठांपाशी थांबला. आबांचं लक्ष नव्हतं. आबा उठून उभे राहिले होते आणि दोन्ही हातांनी नसलेलं स्टिअरिंग फिरवत होते.

गाडी सुरू झाली! विश्रामनं हॉर्नवर मूठ मारली. पोंऽऽ! समोरचं वळण तीन ताड उडालं आणि थेट दरीपलीकडं जाऊन बसलं. पलीकडच्या एसटीतल्या लोकांनी जयजयकार केला. पोंऽऽ! दुसरं वळण सरळ झालं. पोंऽऽ! तिसऱ्यानं तर लांबूनच वाट दिली. आकसलेला घाट मूठ उघडावी तसा उघडला. रस्ता पुढं पुढं पळत सुटला आणि गाडीला त्याला गाठता गाठता दम लागला. झाडं दोन्हीकडं अंग चोरून उभी राहिली. सूर्य डोंगराला टेकला होता. हॉर्न ऐकून तोसुद्धा जरा बाजूला झाला! घाटमाथा आला, हीच टपरी, इस्माईलचा बाप बाहेर येऊन ओरडला, "चहा?" "येताना!" विश्राम ओरडला. पंप मागं गातच होता. विश्राम मधून मधून बॉनेटकडं बघून म्हणत होता, "हां गो, आलंच. आलंच आता." आणि मलकापूरच्या पहिल्या घरात बाई दिव्याला काडी लावत असताना गाडी जयसिंगाच्या दारात उभी राहिली.

अंगणात मांडव होता. पाळणा फुलांनी मढवला होता. गल्लीतल्या बायका तयारीत बसल्या होत्या. जयसिंग धावत आला.

"दाजी, केवढा उशीर ओ! आक्का कुठाय?"

"बॉनेटमध्ये."

"मग काढा की लवकर. दिवे लागाय लागल्यात."

विश्रामनं बॉनेट उघडलं. डबा तापला होता, बोटं भाजली, पण त्यानं रिले काढला, टोपण सोडवलं आणि इंदू पदर झटकत बाहेर आली. खालच्या ओठावर काजळाच्या टिकलीएवढा डाग, बाकी बाई धडधाकट! ती तडक पाळण्याशी गेली. वाकली. बाळीच्या कानाशी तोंड नेलं, कुर्र केलं, नाव सांगितलं. रिवाजाप्रमाणे बायकांनी आत्याच्या पाठीत धपाधप बुक्के घातले. पाळणा म्हटला. घुगऱ्या वाटल्या. विश्रामनं तीनदा मागून घेतल्या. झाली गोष्ट.

आबा बसले. त्यांनी गार झालेला चहा एका घोटात संपवला आणि सभोवार बघितलं. ऐकणारे दोघंच होते, पण आबा भरल्या सभेकडं बघावं तसं बघत होते.

"नाव काय ठेवलं मग पोरीचं?" इस्माईलनं विचारलं.

"नाव ना," आबा म्हणाले. "चांगलंच ठेवलं. नाव ठेवण्यात इंदूचा हात कोण धरणार?"

"पण काय?"

"अरे, मी काय पाळण्यापाशी होतो?"

"खोटं," मुलगी म्हणाली.

ती मोठ्यानं बोलली नव्हती, पण इस्माईलनं स्टोव्ह बारीक केला.

"कुठलं खोटं?" आबा हसले. "वळणांचं?"

"वळणं खरी आहेत. आज येताना मीही हॉर्न देतच आले."

"मग रिलेतली खोली? सांगितलं होतं ना, विश्वास बसणार नाही."

"खोली मी बघितली आहे. टोपण काढून नाही, पण बोट ठेवून. रोज बघते." तिनं कप खाली ठेवला. "बारशाचं खोटं आहे, आबा. टक म्हणजे आत्यानं तोंड उघडलं. तुम्हीच सांगितलंत. तोंडात तेव्हा नाव होतं. आणि तोंडातून निघालेलं नाव ज्याच्या कानात पहिलं शिरेल त्याचं. तेही तुम्हीच सांगितलंत. मग पाळण्यापाशी वाकून तिनं माझ्या कानात काय सांगितलं?"

आबांनी तोंड उघडलं. मग रिकामा कपच पुन्हा त्याला लावला.

इस्माईल टपरीच्या बाहेर बघत होता. लाल गाडीची काच खाली केलेली होती आणि गिअरच्या दांड्यात, उन्हानं रंग उडालेल्या हिरव्या बांगड्या अडकवलेल्या होत्या. गाडीत कुणी नव्हतं. किल्ली मुलीच्या मुठीत होती. तिनं मूठ उघडून ती आबांना दाखवली.

उघड्या बॉनेटखाली टक झालं.

मागच्या सीटखाली पंप दोन श्वास गुणगुणला, आणि मुलगी चटकन मान वळवून म्हणाली, "ओ?"